रिसॉलची कुळकथा

काही महिन्यांपूर्वी मडगावला एका स्नेह्यांच्या घरी संध्याकाळच्या मेजवानीला जाण्याचा योग आला. दिवाणखान्यातील लांब टेबलावर जे पदार्थ मांडले होते, त्यांत एक आमच्या पिढीला सर्वस्वी अपरिचित होता. शंखाच्या आकाराचा इटालियन पास्ता पाण्यात शिजवून गार केलेला, आणि त्याच्या पोकळीत कोळंबीचे बारीक तुकडे अंडे व तेल घुसळून केलेल्या मेयोनेजमध्ये कालवून भरलेले. एकेक शंख एका घासाचा. यजमानांच्या कन्येने तो स्वहस्ते केला होता आणि कौतुकाचा स्वीकार करताना ती म्हणाली की, थंड पिठाच्या वेष्टनात मासळी भरून पाहुण्यांपुढे ठेवण्याची ही रीत गोव्यात अगदी नवी आहे. माझ्या शेजारी एक वृद्ध ख्रिस्ती बाई बसल्या होत्या. त्यांनी शंख तोंडात टाकला, तो संपेपर्यंत काही बोलल्या नाहीत, आणि मग शांतपणे विचारले, "मागीर रिसॉल म्हळ्यार कितें गो?"

मुलगी हसली. प्रश्न मात्र हसण्यावारी नेण्याजोगा नव्हता. त्या प्रश्नाचे जमेल तेवढे उत्तर देण्यासाठीच हा लेख लिहीत आहे.

इंदूर, ग्वाल्हेर किंवा बडोद्याच्या ज्या वाचकांनी रिसॉल पाहिलेला नाही, त्यांच्यासाठी प्रथम त्याचे वर्णन केले पाहिजे. आपली करंजी डोळ्यांपुढे आणावी. आकार तोच, अर्ध्या चंद्राचा. मात्र करंजीहून थोडा लहान. वरचे आवरण मैद्याचे, आत सुंगटे म्हणजे कोळंबी, आणि ती दुधा-लोण्याच्या दाट पांढऱ्या सारणात लपेटलेली. करंजी भरून झाली की ती अंड्यात बुडवून पावाच्या चुऱ्यात घोळवितात आणि तळतात. गोव्यातील ख्रिस्ती घरांत लग्न, बाप्तिस्मा, वाढदिवस यांपैकी कोणतेही निमित्त असो, तबकात रिसॉल नाहीत असे क्वचितच घडते. अनेकवचनी त्यांना पोर्तुगीज वळणाने 'रिसॉइश' म्हणतात. लिस्बनमध्ये तर कोणत्याही कॉफीच्या दुकानाच्या काचेच्या कपाटात ते सकाळपासून मांडून ठेवलेले दिसतात आणि लोक ते निवलेलेच खातात. गरम करून मागणारा तिथे वेगळा पडतो.

आपल्याकडे एक सोयीस्कर समजूत रूढ आहे. जे जे पोर्तुगीज नावाचे, ते ते सारे १५१० साली आफोंसु द आल्बुकेर्कच्या आरमारातून उतरले आणि तेव्हापासून जसेच्या तसे आपल्या स्वयंपाकघरात येऊन बसले, अशी ती समजूत. रिसॉलला ती लागू पडत नाही. त्याची कुळी शोधू गेल्यास एक पूर्वज सापडत नाही, चार सापडतात, आणि त्यांतले दोन तर आपल्याच अंगणातले निघतात.

नावापासून आरंभ करू. 'रिसॉल' हा शब्द पोर्तुगीजांनी फ्रेंचांकडून घेतला. त्याच्या मुळाशी 'लालसर' या अर्थाचा एक उत्तरकालीन लॅटिन शब्द आहे. तळून तांबूस झालेला पदार्थ, एवढाच त्याचा मूळ अर्थ. १३९३ च्या सुमारास पॅरिसमधील एका वयस्क गृहस्थाने आपल्या तरुण पत्नीला संसार समजावा म्हणून एक मोठा ग्रंथ लिहिला. 'मेनाजिए द पारी' या नावाने तो ओळखला जातो. त्यात रिसॉलच्या कृती आहेत आणि मासळीच्या दिवशी करावयाचा रिसॉल वेगळा दिला आहे. मासळीचा दिवस म्हणजे काय, हे आपल्याला फोड करून सांगावे लागत नाही. एकादशी आणि चतुर्मास पाळणाऱ्या समाजाला उपवासाचे आणि पथ्याचे शास्त्र उपजतच कळते. कॅथॉलिक पंचांगात शुक्रवार आणि ईस्टरपूर्वीचे चाळीस दिवस मांस वर्ज्य असे. मासळीला मात्र ती बंदी नव्हती. म्हणून युरोपातील प्रत्येक भरलेल्या पदार्थाची दोन रूपे झाली, एक मांसाचे आणि एक मासळीचे. कोळंबीचा रिसॉल हा या पथ्याच्या शाखेतला. गंमत अशी की, लेंटच्या त्याच काळात चर्चच्या नियमाने थाटामाटाची लग्ने लागत नसत. तरीही पथ्यासाठी जन्मलेला हा पदार्थ पुढे लग्नाच्या तबकातच मिरवू लागला.

पोटातले पांढरे सारणही फ्रेंच घराण्याचे. लोण्यात पीठ परतून त्यात द्रव घालावयाचा आणि दाट करावयाचे, ही रीत ला वारेनच्या १६५१ च्या पाकग्रंथाने प्रतिष्ठित केली. पुढे या पांढऱ्या सारणाला चौदाव्या लुईच्या पदरी असलेल्या बेशामेय नावाच्या सरदाराचे नाव चिकटले. तो बिचारा कधी चुलीपाशी उभा राहिला असेल असे वाटत नाही. पोर्तुगालमधला पहिला छापील पाकग्रंथ दोमिंगुश रोद्रिगिश याचा, १६८० चा. शंभर वर्षांनी, १७८० साली, राजघराण्याचा आचारी लुकाश रिगो याने आपला नवा ग्रंथ काढला आणि जुन्या रोद्रिगिशवर सडकून टीका केली. फ्रेंच पद्धतीची सरशी झाल्याची ती द्वाही होती. रिसॉलचे नाव आणि त्याचे सारण ही दोन्ही या फ्रेंच लाटेवर स्वार होऊन आलेली आहेत. आल्बुकेर्कच्या शिपायांच्या शिदोरीत बेशामेल असणे शक्यच नव्हते.

त्याहून जुन्या पोर्तुगीज स्वयंपाकाचे एक हस्तलिखित आहे, तेही इटलीत. पोर्तुगालची राजकन्या मारिया हिचा विवाह १५६५ साली पार्म्याच्या फार्नेझे घराण्यात झाला. तिच्या नावाने ओळखली जाणारी पाककृतींची वही आज नेपल्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. सासरी निघालेल्या मुलीने माहेरची चव वहीत बांधून न्यावी, ही गोष्ट आपल्याकडच्या कोणत्याही घरात पटेल. त्या वहीचे चार भाग आहेत: मांसाचे, अंड्यांचे, दुधाचे आणि मुरंब्यांचे. मासळीला स्वतंत्र भाग नाही. समुद्रावर राज्य करणाऱ्या देशाच्या राजकन्येला मासळीची आठवण एवढी कमी यावी, याचे मला नेहमी नवल वाटत आले आहे. मासळी बहुधा प्रतिष्ठेच्या पानावर बसत नसावी.

आता पिठाकडे वळू, कारण खरी मौज तिथे आहे. पोर्तुगीज भाषेत मॅकरोनीलाही 'मास्सा' म्हणतात आणि रिसॉलच्या कणकेलाही 'मास्सा'च म्हणतात. पिठाच्या या इटालियन कुळाची एक जुनी नोंद अरब भूगोलकार अल इद्रिसी याने ११५४ साली करून ठेवली आहे. सिसिलीत पालेर्मोजवळ त्राबिया येथे 'इत्रिया' नावाच्या शेवया तयार होत आणि जहाजे भरभरून ख्रिस्ती व मुसलमान अशा दोन्ही मुलुखांत जात, असे तो लिहितो. पोर्तुगीजांची नाताळातली 'आलेत्रिया' ही शेवयांची गोड खीर त्याच अरबी शब्दाची नात. त्या मेजवानीतला शंख आणि आपला रिसॉल हे अशा रीतीने एकाच गोत्राचे ठरतात. परंतु दोघांचे संस्कार वेगळे. शंख आधी कोरडा होतो आणि मग पाण्यात शिजतो. रिसॉलच्या पिठाला लाटण्यापूर्वीच शिजवितात.

ते कसे, हे सविस्तर सांगतो. एक माप पाणी पातेल्यात उकळत ठेवावयाचे. त्यात मीठ, लोण्याचा गोळा आणि लिंबाच्या सालीचा एक तुकडा. कोळंबीची डोकी व साले उकळून गाळलेले पाणी वापरले तर उत्तम. उकळी फुटली की साल काढून टाकावयाची आणि तेवढेच माप मैदा एकदम ओतून लाकडी डावाने घाटावयाचा, पीठ पातेल्याच्या कडा सोडून गोळा होईपर्यंत. मग ते परातीत काढून, हाताला सोसवेल इतके निवल्यावर मळावयाचे आणि लाटावयाचे.

हे वाचताच कोणत्याही मराठी किंवा कोकणी गृहिणीच्या तोंडून एकच शब्द निघेल: उकड. गणेशचतुर्थीच्या मोदकांसाठी आपण तांदळाच्या पिठाची जी उकड काढतो, तीत आणि या मास्सात पिठाखेरीज फरक नाही. आधणात मीठ, लोण्याऐवजी तुपाचा थेंब, पीठ घालून घाटणे, झाकण ठेवून वाफ आणणे, गरम असतानाच मळणे, हा सारा क्रम तोच. युरोपात या शिजविलेल्या पिठाविषयी एक दंतकथा सांगतात. १५३३ साली कातरीना दे मेदिची फ्रान्सच्या राजपुत्राशी विवाह करून फ्लॉरेन्सहून गेली, तेव्हा तिच्या लवाजम्यातल्या एका इटालियन आचाऱ्याने ही विद्या फ्रान्सला शिकविली म्हणे. इतिहासकार या कथेला मान देत नाहीत. आणि समजा कोणी दिला, तरी गोव्यातल्या स्वयंपाकिणीला त्या आचाऱ्याची गरज नव्हती. तिच्या मालकिणीने तिला मैदा आणि लोणी दिले असेल, अंदाज दिला असेल. उकड काढण्याचा हात तिच्या आईने तिला दिलेला होता. गोवा हा भाताचा प्रदेश; गहू तिथे पिकत नाही, तो बाहेरून येई. म्हणजे धान्य परके आणि विद्या घरची, असा हा योग.

या विद्येतच रिसॉल थंड का चालतो याचेही उत्तर दडलेले आहे. साध्या पाण्यात मळलेल्या मैद्याला चिवट ताण येतो. तळलेली पुरी निवली की चामट होते, ती याचमुळे. उकळत्या पाण्यात पीठ पडले म्हणजे हा ताण देणारा अंश निकामी होतो, पिठूळ अंश मात्र पाणी शोषून फुगतो आणि ते धरून ठेवतो. म्हणून उकडीचे पीठ लाटताना आक्रसत नाही, मुरड घातली की उकलत नाही, आणि पदार्थ निवल्यावरही मऊ राहतो. पाण्यात शिजविलेला पास्ता याउलट निवता निवता ताठर होत जातो. त्याला तेलाचा हात लावावा लागतो आणि पातळसर मेयोनेजने ओला ठेवावा लागतो. त्या दिवशीच्या शंखांच्या कडा जराशा कडक लागल्या होत्या, हे यजमानीणबाईंची क्षमा मागून नमूद करतो.

मुरडीचा उल्लेख आलाच आहे, तर आकाराविषयी दोन शब्द. पोर्तुगालमध्ये रिसॉल काचेच्या पेल्याच्या काठाने कापतात आणि कडा दाबून बंद करतात. हा आकार आपल्याकडे नेवरीच्या रूपाने होताच. चतुर्थीला हिंदूंच्या घरी नेवऱ्या होतात, नाताळाला ख्रिस्ती घरी नेवऱ्या होतात. सारण नारळाचे किंवा डाळीचे, गोड. धर्मांतर झाले तरी नेवरी बाटली नाही, असे माझी आजी म्हणत असे. तिच्या म्हणण्यात इतिहास होता. गोव्याच्या इन्क्विझिशनने १७३६ साली जो जाहीरनामा काढला, तो अ. का. प्रियोळकरांनी १९६१ च्या आपल्या इंग्रजी ग्रंथात चर्चिला आहे. ख्रिस्ती झालेल्या लोकांनी जुन्या चालीरीती सोडाव्यात म्हणून त्यात बारीकसारीक निषेधांची यादी आहे. अंगणातली तुळस काढा इथपासून ते हिंदूंसारखा बिनमिठाचा भात शिजवू नका इथपर्यंत. भातात मीठ केव्हा घालावे यावर धर्मपीठाची नजर होती! अशा काळात चुलीपाशी जे टिकले, ते हाताच्या सवयीने टिकले. भाताच्या मिठावर पहारा बसविता येतो. मुरड घालणाऱ्या बोटांवर तो बसविता येत नाही.

सारणातली कोळंबी ही तर पूर्णपणे इथली. गोव्याच्या नद्यांच्या मुखाशी भरतीचे खारे पाणी आत शिरते. ते बांध घालून अडविलेल्या शेतजमिनींना खाजन म्हणतात. बांधाला लाकडी दारांची मानस असते. भरतीला ती मिटते, ओहोटीला उघडते, आणि बाहेर पडणाऱ्या पाण्याच्या तोंडाशी जाळे लावले की सुंगटे सापडतात. मानशीवर मासे धरण्याच्या हक्काचा लिलाव होतो. त्याच्या उत्पन्नावर गावकीचे कितीतरी व्यवहार चालत आले. पावसाळ्यात समुद्र बंद झाला तरी खाजनातली ही लहान, गोडसर सुंगटे मिळत राहतात. मोठ्या कोळंबीचे तुकडे करून भरण्यापेक्षा ही लहान सुंगटे अख्खी भरलेली रिसॉलमध्ये अधिक चांगली लागतात. हे माझे मत आहे आणि ते बदलण्याची मला इच्छा नाही.

सारण कसे करावे, ते थोडक्यात असे. लोण्यात कांदा परतून त्यावर मैदा, मग दूध आणि सुंगटांच्या सालांचे पाणी. दाट झाल्यावर सुंगटे, मिरपूड, लिंबू. पोर्तुगालमध्ये पार्सली घालतात, गोव्यात तिच्या जागी कोथिंबीर आणि बारीक चिरलेली हिरवी मिरची आली. सारण पुरते निवल्यावाचून भरू नये. कोमट भरले तर कढईत रिसॉल फुटतो आणि तेल नासते. दूध आणि कोळंबी ही जोडी आपल्या वैद्यकाला विरुद्धाहार वाटते. आजच्या शास्त्राची हरकत वेगळी आहे. उष्ण हवेत असा पदार्थ तासा-दोन तासांपलीकडे बाहेर ठेवू नये, शीतकपाटात ठेवावा, असे ते सांगते. हा सल्ला मानणे बरे.

उरला चौथा पूर्वज, वरचे कवच. आणि इथे आपण एका नाजूक जागी येतो. हे कवच पावाच्या चुऱ्याचे असते.

पाव या दोन अक्षरांनी कोकणपट्टीत जेवढी भीती घातली, तेवढी तोफांनीही घातली नसेल. विहिरीत पावाचा तुकडा टाकला, गावाने पाणी प्याले आणि गाव बाटले, ही कथा वसईपासून काणकोणापर्यंत आपण साऱ्यांनी लहानपणी ऐकलेली आहे. पुराव्याच्या कसोटीवर ती कितपत उतरते हा प्रश्न निराळा. भीती मात्र खरी होती. गोव्याचा पाव माडाच्या सुरेने फुगविला जाई, तो भाजणारे पोदेर ख्रिस्ती, आणि पाव हाच त्यांच्या पूजाविधीतला प्रसाद. सोवळ्याच्या दृष्टीने तिन्ही अंगांनी तो वर्ज्य. मासे खाणाऱ्या हिंदू गृहस्थापुढे रिसॉल आला, तर आत सुंगटे आपली, उकड आपली, घाट नेवरीचा आपला. आणि त्या साऱ्यावर केसाएवढ्या जाडीचा एक थर असा, की जो ओलांडणे म्हणजे जात ओलांडणे.

हे तबक त्याच्यापुढे यावे कसे? त्याचे कारण समारंभाच्या रचनेत आहे. ख्रिस्ती लग्नातही बसून जेवण्याच्या पंगती होत्याच. लग्नाच्या आधी पूर्वजांच्या स्मरणार्थ भिकाऱ्यांना जेवू घालण्याची चाल तर सरळसरळ जुन्या श्राद्धकल्पनेची आठवण आहे. त्या पंगतीत परक्या जातीचा मनुष्य बसत नसे. पण एकोणिसाव्या शतकात साष्टीतल्या जमीनदारांच्या घरांत मोठे दिवाणखाने झाले, मांडो गाइला आणि नाचला जाऊ लागला, आणि उभ्या उभ्या स्वागताची रीत रुळली. अशा स्वागताला पोर्तुगीजांत 'कोपु-द-आग्वा' म्हणतात. शब्दशः अर्थ 'पाण्याचा पेला'. नाव पेलाभर पाण्याचे, प्रत्यक्षात मेजवानी! या घरांत स्वयंपाकघर मागल्या टोकाला, दिवाणखाना दर्शनी भागात. नाच चालू असताना कोणी जागेवर बसत नाही, एका हातात पेला असतो. तिथे गरम, रसदार, पानात वाढावयाचा पदार्थ निरुपयोगी. सकाळी तळून ठेवता येईल, निवल्यावर बिघडणार नाही, दोन बोटांत धरता येईल आणि कपड्यांवर सांडणार नाही असेच काही हवे. थंडपणा हा अशा रीतीने रिसॉलचा दोष नाही. ज्या जागेत तो वाढावयाचा, त्या जागेने तो मागून घेतला. ही थंडी बर्फाचीही नव्हे. मुंबईत बोस्टनचा बर्फ १८३४ साली उतरला आणि जमशेटजी जीजीभाईंच्या घरी आइस्क्रीम खाऊन मंडळींना पडसे झाले असे सांगतात. रिसॉल नुसता निवलेला. आपण 'शिळे' म्हणून ज्याला नाक मुरडतो, त्याच्या एक पायरी अलीकडचा. माळव्यात आणि गुजरातेत राहणाऱ्या आपल्या बांधवांना शीतळासप्तमी ठाऊक आहे. त्या दिवशी चूल न पेटविता आदल्या दिवशीचे अन्न देवीच्या नावाने आनंदाने खातात. म्हणजे निवलेल्या अन्नाचे वावडे आपल्यालाही सर्वकाळ नव्हते.

उभ्याच्या स्वागतात कोणाची पंगत नसते, म्हणून कोणाच्या पंगतीला बसल्याचा दोषही लागत नाही. कचेरीतल्या हिंदू सहकाऱ्याला, शेजाऱ्याला, वकिलाला तिथे बोलाविता येई. तो येई, नमस्कार करी, आहेर देई, फार तर एखादे फळ किंवा सोललेले शहाळे घेई. तबक मात्र त्याच्यासमोरून फिरतच असे.

माझे आजोबा पोर्तुगीज अमदानीत मडगावच्या एका कचेरीत कारकून होते. शेजारच्या मेजावर बसणारे एक ख्रिस्ती गृहस्थ त्यांचे जिवलग मित्र. दोघे एकमेकांना 'बाब' म्हणत आणि दुपारचे डबे पाठमोरे बसून खात. त्या मित्राच्या थोरल्या मुलीच्या लग्नात आजोबा उभ्याच्या स्वागताला गेले होते. तबक घेऊन मित्र स्वतः आला आणि हळूच म्हणाला, "बाब, हें सुंगटांचें. मांसाचें न्हय." क्रोकेट मांसाचे असतात, हे आजोबांना माहीत होते, मित्राने त्यांच्यासाठी तबकातून ते वेगळे काढून आणले होते. आजोबांनी रिसॉल उचलला. त्यांनी नखाने त्याचे कवच हलकेच सोलून काढले, चुरा रुमालात धरला आणि आतली उकड व सुंगटे खाल्ली. मित्राने ते पाहिले आणि तो मान वळवून दुसऱ्या पाहुण्याशी बोलू लागला.

घरी आल्यावर आजीने रुमाल झटकला तेव्हा चुरा पडला आणि सारे उघडकीस आले. ही हकीकत मी आजीच्याच तोंडून ऐकली. तिने म्हणे चार दिवस अबोला धरला. पाचव्या दिवशी विचारले, "आत काय होते?" आजोबांनी सांगितले. ती म्हणाली, "म्हणजे सुंगटांची नेवरीच की. एवढ्यासाठी लोकांच्या दारी कशाला जायचे?" त्या रविवारी तिने मैद्याची उकड काढली, दूध न घालता ओल्या खोबऱ्यात सुंगटे परतली, कातणाने नेवऱ्या कापल्या आणि पावाच्या चुऱ्याऐवजी त्या रव्यात घोळवून तळल्या. तेव्हापासून आमच्या घरी त्या होत आल्या. तळल्यावर निवेपर्यंत कोणाला हात लावू द्यावयाचा नाही, असा तिचा दंडक होता. आजोबांनी त्या थंडच खाल्ल्या होत्या, म्हणून.

एक गोष्ट जाता जाता सांगावयाची राहिली. प्रवास एकाच दिशेने झाला नाही. लिस्बनच्या त्याच काचेच्या कपाटांत रिसॉलच्या शेजारी आज 'शामुसा' मांडलेला असतो. तो म्हणजे आपला समोसा. गोव्यातून आणि मोझांबिकमधून गेलेल्या कुटुंबांनी तो तिथे नेला. तिथल्या तरुणांना तो पोर्तुगीजच वाटतो.

चतुर्थीला आमच्या घरून त्या मित्राच्या घरी गोड नेवऱ्यांचे ताट जाई. नाताळाला ते ताट परत येई, आणि ताट रिकामे पाठवू नये या न्यायाने त्यावर नेवऱ्या आणि त्यांच्याखाली केळीच्या पानात गुंडाळलेले सहा रिसॉल असत. पुढे १९६१ साल आले आणि गेले, कचेरीतले मेज बदलले, दोन्ही मित्र वारले, ताटाची ये-जा चालू राहिली. माझ्या आठवणीतल्या पहिल्या नाताळात आजीने ते पान स्वतः उघडले. आतले रिसॉल रव्याचे होते.